पहिला अल्बम रेकॉर्ड करताय? आधी एकमेकांचे कॉर्ड विचारा

आमच्या एका गाण्याच्या ब्रिजमधे, म्हणजे मधल्या वेगळ्या तुकड्यात, आमचा गिटारिस्ट दोन वर्षं ए मेजर वाजवत होता आणि मी बेसवर ए वरून सी नॅचरलवर जाऊन परत येत होतो. ज्यांना थिअरी येते ते आत्ताच हसले असतील. ए मेजरमधे सी शार्प असतो, म्हणजे तो मेजर वाजवत होता आणि मी मायनर, आणि दोन वर्षं गिग झाले, रिहर्सल झाल्या, त्याच ब्रिजवर लोकांनी शिट्ट्या मारल्या, पण कोणाच्या म्हणजे कोणाच्याच लक्षात आलं नाही, कारण जॅमरूममधे आम्ही एवढ्या आवाजात वाजवायचो की भिंती हलायच्या पण सूर काही ऐकू यायचे नाहीत. स्टुडिओत इंजिनिअरने बेस आणि गिटार सोडून बाकी सगळं म्यूट केलं, दोनदा ऐकलं, खुर्ची वळवली आणि एकदम शांतपणे विचारलं, "हे मेजर आहे की मायनर?" पुढचा दीड तास आम्ही तासावर भाड्याने घेतलेल्या खोलीत बसून भांडलो.

तर हे सगळं लिहायला बसलो ते त्या दीड तासामुळे. पहिला अल्बम करायला निघालेली पोरं मला विचारतात माइक कुठला घ्यायचा, प्लगइन कुठलं वापरायचं, आणि मी दर वेळी रिहर्सलवर घसरतो, त्यांचे चेहरे पडतात, पण इलाज नाही. स्टुडिओत बसून गाणी लिहिणं ही ज्यांच्याकडे वेळ आणि पैसा दोन्ही उतू जातंय त्यांची चैन आहे. आपण जाताना गाणी शिजवून न्यायची, तिथे फक्त वाढायची.

स्टुडिओ बुक करायच्या आधीचे दोन महिने

पहिलं काम, रिहर्सल रेकॉर्ड करा. फोन खोलीच्या मधे ठेवा, अँपच्या तोंडासमोर नको, आणि अख्खं गाणं न थांबता सुरुवातीपासून शेवटपर्यंत. चुकलं तरी थांबायचं नाही. मग दुसऱ्या दिवशी ऐका, त्याच रात्री नको, त्याच रात्री सगळंच भारी वाटतं. दुसऱ्या दिवशी कळतं की दुसरा व्हर्स उगाच आहे, इंट्रो आठ बार चाललाय आणि त्यात काहीच घडत नाहीये, आणि शेवटचा कोरस चार वेळा येतो तो फक्त स्टेजवर मजा येते म्हणून. स्टेजवर ती मजा खरीच असते. हेडफोनवाल्याला ती दिसत नाही, त्याला फक्त चौथ्यांदा तेच ऐकू येतं.

दुसरं, प्रत्येकाने आपापला पार्ट एकट्याने रेकॉर्ड करून बाकीच्यांना ऐकवायचा. लाज वाटते, माहितीये. पण आमची मेजर मायनरची भानगड यातच दहा मिनिटांत सापडली असती. दोन गिटार असतील तर त्या दोघांना अँप बंद करून समोरासमोर बसवा आणि गाणं वाजवायला लावा, निम्म्या वेळा दोघं एकाच पट्टीत, एकाच जागी, तेच कॉर्ड झोडत असतात आणि मग मिक्समधे सगळं चिखल होतं. एकाने वर कॅपो (तारा दाबून सूर वर नेणारा चिमटा) लावून वाजवा, किंवा एकाने सरळ गप्प बसा. गप्प बसणं हाही पार्ट आहे आणि बँडमधे तो कोणालाच नको असतो.

तिसरं म्हणजे टेंपो. लाइव्हमधे अंगात आलेलं असतं म्हणून सगळं पळतं, त्याच स्पीडला रेकॉर्ड केलं की गाणाऱ्याला श्वास घ्यायला जागा उरत नाही. प्रत्येक गाण्याचा बीपीएम, म्हणजे मिनिटाला किती ठोके, ते ठरवा, दोन तीन आकडे ट्राय करा, १३२ आणि १३६ मधे ऐकताना जमीन अस्मानाचा फरक पडतो. आणि क्लिकवर वाजवायचं असेल तर ड्रमरला ते आत्तापासून करू द्या, स्टुडिओत पहिल्यांदा कानात टिकटिक आली की चांगला ड्रमर पण नवशिक्यासारखा वाजवायला लागतो. क्लिक सक्तीचा नाहीये हां. गाणं जिथे मुद्दाम ढिलं होतं आणि कोरसला पुढे सरकतं तिथे क्लिक काढून टाका, किंवा टेंपो मॅप करा म्हणजे व्हर्स १२०, कोरस १२३ असं, ऐकणाऱ्याला कळत नाही पण अंगाला जाणवतं.

गाणी किती? बँडकडे पंधरा असतील तर बारा रेकॉर्ड करायची, दहा ठेवायची. विनाइलवर काढायचा विचार असेल तर बारा इंची रेकॉर्डच्या एका बाजूला साधारण १८ ते २२ मिनिटं बसतात, त्याहून जास्त कोंबलं की ग्रूव्ह बारीक करावे लागतात आणि आवाज दबतो. विनाइल काढणार नसलात तरी ४० मिनिटांच्या आसपासचं हे माप मला आवडतं. पहिला अल्बम म्हणून आजपर्यंत लिहिलेलं सगळं त्यात ओतायचा मोह होतो आणि तिथेच तासाभराचे कंटाळवाणे अल्बम जन्माला येतात.

एकत्र वाजवायचं की एकेकट्याने

याचं एक उत्तर नाही. बीटल्सने आपल्या पहिल्या अल्बमची दहा गाणी ११ फेब्रुवारी १९६३ या एका दिवसात रेकॉर्ड केली, हे सगळे सांगतात, पण त्याआधी ते क्लबांमधे रात्र रात्र वाजवून घासून निघाले होते ते सांगायचं विसरतात. दुसऱ्या टोकाला माय ब्लडी व्हॅलेंटाइन बँडवाले, 'लव्हलेस' या अल्बमसाठी दोन वर्षांहून जास्त काळ एका स्टुडिओतून दुसऱ्यात फिरत होते, डझनाहून जास्त स्टुडिओ झाले आणि अल्बम १९९१ मधे आला. आणि व्हाइट स्ट्राइप्स या बँडने २००२ मधे लंडनच्या टो रॅग स्टुडिओत जुन्या आठ ट्रॅकच्या टेप मशीनवर 'एलिफंट' या अल्बमचा बहुतेक भाग दोन आठवड्यांत उरकला. आठच ट्रॅक असले की कुठला टेक ठेवायचा हे तिथल्या तिथे ठरवावं लागतं, नंतर बघू हा शब्दच उरत नाही. आपल्याकडे कॉम्प्युटरवर शंभर ट्रॅक असतात म्हणून आपण सगळंच नंतर बघू म्हणतो आणि ते नंतर मिक्स करणाऱ्याच्या डोक्यावर येऊन आदळतं.

मला विचाराल तर पहिल्या अल्बमला मधला रस्ता घ्या. ड्रम, बेस आणि एक गिटार एकत्र वाजवा, सगळ्यांनी एकमेकांना बघत, पण बेस डीआयने, म्हणजे अँपशिवाय केबलने सरळ लाइनमधे, आणि गिटारचा अँप वेगळ्या खोलीत किंवा जाड गोधड्यांच्या आड, म्हणजे ड्रमच्या माइकमधे बाकीचं शिरत नाही. गाणारा स्क्रॅच व्होकल, म्हणजे कच्चं गाणं, गाईल, तो नंतर पुसायचा. यात ड्रम आणि बेसची जी गाठ बसते ती एकेकट्याने क्लिकवर वाजवून येत नाही. बाकीच्या गिटार, कीबोर्ड, गाणं, सगळं नंतर चढवा.

स्टुडिओ आणि माणूस

खोली बघायला जा आणि ड्रमरला सोबत न्या. त्याला तिथे नुसता स्नेअर (खाली तारा असलेला कडक आवाजाचा ड्रम) वाजवू द्या, मधे उभा राहून, कोपऱ्यात उभा राहून, टाळ्या वाजवून बघा. टाळीनंतर टणटण असा पत्र्यासारखा आवाज आला तर ती खोली ड्रमला त्रास देणार. भिंतीवर टांगलेली गिटारं आणि महागडा कन्सोल बघून हुरळून जाऊ नका, ते बऱ्याचदा फोटोपुरतं असतं.

माणूस खोलीपेक्षा महत्त्वाचा आहे. त्याने रेकॉर्ड केलेलं मिक्स न केलेलं काहीतरी ऐकायला मागा, कच्चे ट्रॅक. आणि तो प्रोड्युसर म्हणून येतोय की इंजिनिअर म्हणून हे आधी बोला. प्रोड्युसर तुम्हाला सांगेल की हा कोरस काढ, इथे पट्टी बदल, आणि ते सांगण्यासाठीच तुम्ही त्याला घेतलेलं असतं. इंजिनिअर तुम्ही जे वाजवाल ते चांगलं उतरवेल. स्टीव्ह अल्बिनी या अमेरिकन रेकॉर्डिंग इंजिनिअरने आयुष्यभर स्वतःला प्रोड्युसर म्हणवून घेणं टाळलं, ठरलेली फी घ्यायचा, रॉयल्टीतला वाटा घ्यायचा नाही, निर्वाणा बँडच्या 'इन युटेरो' अल्बमला पण नाही, त्याचं म्हणणं होतं की रेकॉर्ड बँडचा असतो. सगळे असे नसतात आणि असायलाच हवेत असंही नाही, फक्त टक्केवारी मागणारा असेल तर ते पहिल्या दिवसाआधी कागदावर यायला हवं.

अजून तीन गोष्टी लिहून घ्या. सेटअपचा वेळ बुकिंगमधे धरलाय का, मिक्सच्या किती दुरुस्त्या फुकट, आणि काम झाल्यावर सगळे मूळ ट्रॅक तुम्हाला मिळणार का. आमच्या ओळखीच्या एका बँडला हे शेवटचं कोणी दिलंच नाही, नंतर रिमिक्स करायचं म्हटलं तर हातात फक्त तयार फाइल.

सामान, म्हणजे कंटाळवाणं पण खरं

ड्रमची कातडी नवीन घाला, निदान स्नेअर आणि टॉमची वरची, आणि एक दोन दिवस आधी, म्हणजे ताणून ताणून जागेवर बसतात. गिटारच्या तारा आदल्या दिवशी बदला आणि जास्तीचे सेट न्या. बेसच्या तारांचं ज्याचं त्याचं, मला जुन्या आवडतात, पण पिकने वाजवणारा आणि कडक आवाज हवा असणारा असेल तर नव्याच. गिटार एकदा सेटअप करून इंटोनेशन बघून घ्या, बाराव्या फ्रेटवर सूर चढा लागत असेल तर ट्यूनर कितीही हिरवा दिवा दाखवू दे, वरचे कॉर्ड बेसूरच येणार. पेडलबोर्ड असेल तर तो जसाच्या तसा चालू करून घरी शांततेत ऐका, जो गुंजारव गिगमधे ऐकू येत नाही तो स्टुडिओत सगळ्यात आधी ऐकू येतो.

आणि किक पेडलला, म्हणजे पायाने मोठा ड्रम वाजवायच्या पेडलला, तेल घाला. हे वेगळं लिहितोय कारण आमच्या अल्बममधल्या सगळ्यात हळव्या गाण्यात, जिथे फक्त एक गिटार आणि हलकासा ड्रम आहे, तिथे प्रत्येक किकआधी एक चीं ऐकू येते. ड्रमच्या वर टांगलेल्या ओव्हरहेड माइकने ती इतकी निगुतीने टिपलीये की मिक्समधे काढता काढता ड्रमचाच जीव गेला असता. म्हणून ठेवली. लोकांना ती पक्षी वाटते, आम्ही काही बोलत नाही.

ड्रमचा दिवस

अख्खा दिवस ड्रमला ठेवा आणि त्यातला निम्मा नुसता आवाज लावण्यात जाणार हे आधीच मान्य करून टाका. बाकीच्यांनी त्या वेळात बाहेर जावं, कारण स्नेअरचा ढप ढप ढप दोन तास ऐकून माणसं उगाच एकमेकांवर खेकसायला लागतात.

आधी ड्रम ट्यून, मग माइक. उलटं करू नका, माइक हलवून ट्यूनिंग सुधारत नाही. आडात नाही तर पोहऱ्यात कुठून येणार. टॉम ट्यून करताना प्रत्येक बोल्टजवळ हलकं टिचकीने वाजवून बघायचं, सगळीकडे एकच सूर यायला हवा, एका जागी खाली असेल तर तोच ड्रम शेवटी लडबडत राहतो.

माइक किती लावायचे? आमच्या इंजिनिअरने बारा स्टँड असूनही चारापासून सुरुवात केली, ग्लिन जॉन्स या इंग्लिश रेकॉर्डिंग इंजिनिअरच्या पद्धतीने. एक माइक किकसमोर, एक स्नेअरजवळ, एक स्नेअरच्या बरोबर वर साधारण मीटरभर उंच, आणि चौथा फ्लोअर टॉमच्या बाजूने, टॉमच्या थोडा वर, हायहॅटकडे तोंड करून. आता यातली मजेची गोष्ट अशी की त्याने एक केबल घेतली, तिचं एक टोक स्नेअरच्या मधोमध मला अंगठ्याने दाबून धरायला लावलं, दुसरं टोक वरच्या माइकला लावून तिथे चिमटीत पकडलं आणि मग तेच अंतर तसंच बाजूच्या माइकपर्यंत नेलं. चार बोटं कमी भरलं. स्टँड चार बोटं मागे. कारण आवाज एका मिलिसेकंदात जेमतेम ३४ सेंटिमीटर जातो, दोन्ही माइकवर स्नेअर वेगवेगळ्या वेळी पोचला की दोन्ही एकत्र केल्यावर आवाजातला काही भाग एकमेकांना खाऊन टाकतो आणि स्नेअर पुठ्ठ्यासारखा वाजतो. यालाच फेजचा घोळ म्हणतात. तपासायचं सोपं आहे, एका ट्रॅकचं पोलॅरिटीचं बटण उलटं करा, ज्या बाजूला आवाज भरदार वाटतो ती बरोबर. ती चार बोटं सरकवल्यावर जो फरक पडला तो मी आयुष्यात विसरणार नाही, ड्रमला एकदम पोट आलं.

मग लागतील तसे टॉमचे माइक, खोलीचा एखादा माइक वाढवा. लेव्हल लावताना लाल दिव्याच्या नादी लागू नका, २४ बिटवर रेकॉर्ड करताय तर सगळ्यात जोराचा फटका उणे १० डीबीच्या आसपास आला तरी भरपूर झालं. ड्रमर साउंडचेकला नेहमी हळू वाजवतो आणि खऱ्या टेकला जोरात, तेवढी जागा सोडूनच ठेवायची.

टेक किती घ्यायचे? माझं मत, तीन ते पाच. पहिल्यात गाणं सापडतं, तिसऱ्यात लागतं, सहाव्यानंतर फक्त बरोबर वाजतं आणि मेलेलं असतं. दोन टेकमधून जोडून एक करणं यात कमीपणा नाही, सगळे करतात. पण प्रत्येक फटका कॉम्प्युटरवरच्या ग्रिडच्या रेघेवर ओढून बसवायला लागलात तर मग ड्रमर कशाला आणला?

बेस आणि गिटार

बेसचं पटकन, माझंच वाद्य आहे तरी. डीआय आणि अँप दोन्ही रेकॉर्ड करा, दोन्हीची फेज जुळवा, हाताचा जोर सगळीकडे सारखा ठेवा. झालं. अँप ड्रमच्याच खोलीत असेल तर एक लक्षात ठेवा, बेसच्या ठराविक सुरांना स्नेअरच्या खालच्या तारा झणझणतात आणि ते ड्रमच्या सगळ्या माइकमधे जातं.

गिटारमधे सगळ्यात मोठी चूक जास्त गेनची, म्हणजे अँपमधे आवाज फाडायचं बटण जास्त चढवायची. जॅमरूममधे जो डिस्टॉर्शन गरगरीत वाटतो तो रेकॉर्डवर मधमाश्यांच्या पोळ्यासारखा येतो, कॉर्डमधले सूर वेगळे ऐकूच येत नाहीत (आणि मग मेजर की मायनर ते कोणाला कळत नाही, असो). गेन जेवढा वाटतो त्याच्या दोन तृतीयांश करा आणि तेच दोनदा वाजवा, एक डावीकडे, एक उजवीकडे. कॉपी पेस्ट करून चालत नाही, खरंच दोनदा वाजवायचं, त्या दोघांतल्या बारीक फरकामुळेच आवाज रुंद होतो. दुसऱ्या वेळी गिटार किंवा अँप बदलता आला तर अजून मस्त.

माइक लावताना शुअर एसएम ५७ सारखा साधा डायनॅमिक माइक पुरतो, १९६५ पासून लोक तोच लावतायत. स्पीकरच्या मधोमध लावला तर आवाज टोकदार, कडेला सरकवत गेलात की मऊ. दोन बोटं इकडे तिकडे केल्याने जेवढा फरक पडतो तेवढा अँपचे बटण फिरवून पडत नाही, म्हणून एकाने वाजवावं, एकाने माइक हळूहळू सरकवावा आणि तिसऱ्याने आतून हेडफोनवर ओरडावं, थांब, तिथेच. सोबत एक सरळ डीआय ट्रॅक पण रेकॉर्ड करून ठेवा, नंतर अँपचा आवाज आवडला नाही तर तोच ट्रॅक परत अँपमधून वाजवून घेता येतो.

आणि प्रत्येक टेकच्या आधी ट्यून. प्रत्येक.

गाणं

गाणाऱ्याला दिवसाला दोन, फार तर तीन गाणी. बारा गाण्यांचे व्होकल शेवटच्या एका दिवसात उरकू असं आम्ही ठरवलं होतं, सातव्या गाण्याला आवाज बसला आणि पुढचं आठवडाभर गप्प. आवाज म्हणजे गिटारची तार नव्हे, तुटली की बदलली.

हेडफोनमधलं मिक्स गाणाऱ्याच्या मनासारखं होईपर्यंत रेकॉर्डचं बटण दाबू नका. स्वतःचा आवाज फार मोठा ऐकू आला की तो दबकत गातो आणि सूर खाली जातो, फार बारीक आला की ओरडतो आणि सूर चढतो. काही जण एक कान उघडा ठेवून गातात, ठेवू दे. आवाजाला थोडा रिव्हर्ब (घुमारा) द्या, फक्त ऐकण्यापुरता, रेकॉर्ड होणारा ट्रॅक कोरडाच राहू दे. माइकपासून वीतभर अंतर, मधे पॉप फिल्टर, कुजबुजताना जवळ आणि ओरडताना मान थोडी मागे, हे गाणाऱ्याने घरी झाडूच्या दांड्यासमोर प्रॅक्टिस केलं तरी हरकत नाही.

अख्खं गाणं चार पाच वेळा सलग गाऊन घ्या आणि मग ओळीओळीने चांगलं निवडा. निवडताना सुरात कुठली ओळ आहे त्याआधी खरी कुठली वाटते ते ऐका, थोडा सूर दुरुस्त करता येतो, मेलेली ओळ जिवंत करता येत नाही. त्या वेळी कंट्रोल रूममधे गाणारा, इंजिनिअर आणि फार तर एक माणूस. काचेपलीकडे चार जण हसताना दिसले की गाणाऱ्याला वाटतं आपल्यालाच हसतायत. आणि शब्द आधी फायनल करून जा बाबांनो, तिसऱ्या व्हर्सला ना ना ना गाऊन नंतर बघू म्हणणाऱ्यांचं ते ना ना ना च छापून येतं.

रोज रात्री निघायच्या आधी सगळ्या फाइल्सची कॉपी स्वतःच्या हार्ड डिस्कवर आणि अजून एक कुठेतरी दुसऱ्या जागी. कितीही दमलेले असलात तरी.

मिक्स आणि मास्टरिंग

शक्य असेल तर रेकॉर्डिंग आणि मिक्सच्या मधे दोन आठवडे काहीच ऐकू नका. आणि मिक्स बँडमधल्या कोणी करू नये, मी हे स्वतः करून बघितलंय, माझ्या मिक्समधे बेस कसा होता विचारू नका. प्रत्येकाला आपलंच वाद्य कमी वाटतं. म्हणून अभिप्राय एकाच माणसाने एकाच मेसेजमधे पाठवायचा, चौघांनी चार बाजूंनी नाही. अभिप्राय मिनिट सेकंद टाकून लिहा, "१:४२ ला दुसरी गिटार व्होकलवर चढते" हे कामाचं, "थोडं अजून वॉर्म पाहिजे" यावर माणूस काय करणार? सोबत तुम्हाला आवडणारी दोन तीन रेकॉर्ड सांगा, पण चार गिटारच्या भिंतीवाला रेकॉर्ड दाखवून तुमच्याकडे दीड गिटार असेल तर अवघड आहे.

मिक्स आला की गाडीत ऐका, फोनच्या स्पीकरवर ऐका, मोनोमधे ऐका, बाजूच्या खोलीत लावून दार अर्धं उघडं ठेवून ऐका. दाराआडून गाणाऱ्याचा आवाज आणि स्नेअर नीट ऐकू आले तर मिक्स बरा आहे. बरोबर गाण्यांचे विनाव्होकल मिक्सही मागून घ्या, त्याच वेळी फुकटात होतं, वर्षभराने मागितलं की सगळं उघडायला लागतं.

मास्टरिंगला, म्हणजे मिक्सवरून फिरणाऱ्या शेवटच्या हाताला, अजून एक वेगळा माणूस घ्या ज्याने हे आधी ऐकलेलंच नाही. इथे सगळ्यांना आवाज मोठा हवा असतो. पण स्ट्रीमिंगवाले आवाज स्वतःच एका पातळीला आणून ठेवतात, स्पॉटिफाय साधारण उणे १४ एलयूएफएसला (हे आवाज किती मोठा वाटतो ते मोजायचं माप), ॲपल म्युझिक उणे १६ ला, म्हणजे तुम्ही चेपून चेपून उणे ७ ला नेलेला मास्टर ते गपचूप ७ ते ९ डीबी खाली आणतात आणि हातात उरतो तो फक्त चेपलेला आवाज. त्या आकड्याला बरोबर चिकटून बसायचीही गरज नाही, गाण्याला शोभेल तेवढं ठेवा, टोक उणे १ डीबीच्या खाली राहू द्या. विनाइलसाठी वेगळा मास्टर लागतो, त्यात खालचा बेस मधोमध ठेवतात आणि 'स' 'श' जरा दाबतात, आणि प्रत्येक बाजूचं शेवटचं गाणं शांत ठेवलेलं बरं कारण आतल्या ग्रूव्हमधे वरचे सूर फाटतात.

गाण्यांचा क्रम यावरून आमच्याकडे मेजर मायनरपेक्षा मोठं भांडण झालं. शेवटी सगळ्यांनी आपापला क्रम बनवून आठवडाभर ऐकला. दोन गाण्यांमधला गॅप पण ऐका, तो मास्टरिंगला सांगावा लागतो.

कागद

गाणं कोणी लिहिलं, कोणाचा किती वाटा, हे रिलीजच्या आधी लिहून सगळ्यांनी सही करायची. गाण्याचा हक्क वेगळा आणि त्या रेकॉर्डिंगचा हक्क वेगळा, दोन्हीचे वाटे वेगळे लिहा. आत्ता मैत्री आहे म्हणूनच आत्ता लिहा. प्रत्येक रेकॉर्डिंगला १२ अक्षर अंकांचा आयएसआरसी कोड, म्हणजे त्या रेकॉर्डिंगचा ओळख क्रमांक, लागतो, डिस्ट्रिब्युटर (गाणी स्ट्रीमिंगवर चढवणारी कंपनी) देतो तो, जपून ठेवा, कारण नंतर डिस्ट्रिब्युटर बदललात तर तोच कोड द्यायचा असतो, नाहीतर आधी ऐकल्याचे आकडे शून्यावर जाऊ शकतात. स्पॉटिफायवर प्लेलिस्टवाल्यांकडे गाणं पाठवायचं तर रिलीजच्या किमान ७ दिवस आधी, एका वेळी एकच गाणं, आणि मी म्हणेन तीन चार आठवडे आधी. म्हणजे मास्टर हातात आल्यावर दुसऱ्या दिवशी अल्बम टाकायचा उतावळेपणा नको.

त्या मधल्या काळात काय करायचं? परत रिहर्सल. कारण रेकॉर्डवर तुम्ही पाच गिटार चढवून ठेवल्या आहेत आणि स्टेजवर माणसं दोन, कुठला पार्ट कोण वाजवणार ते सगळं नव्याने बसवायला लागतं. आम्ही मेजर ठेवला शेवटी. ब्रिजमधे मी आता सी शार्पवर जातो, बहुतेक वेळा.